उलटघटिका : वेळ फिरते, काळ फिरत नाही

मे महिन्यात नागपुरात दुपारी बारा ते पाच घराबाहेर पडायला कारण लागतं, आणि साधंसुधं कारण चालत नाही. पारा ४५च्या पुढे, रस्त्यावर कुत्रंसुद्धा नाही, घराघरातून कूलरची घरघर. गेल्या तीन उन्हाळ्यांपासून अशा दुपारी महाल भागातल्या आमच्या घरी एक खेळ चालतो. भाचा, भाची आणि शेजारची दोन पोरं सतरंजीवर बसतात. मी गोष्ट सांगतो, ते त्या गोष्टीतली माणसं होतात, आणि पेचात सापडले की फासे टाकून पुढचं ठरतं. सगळं घडतं आमच्या मनाच्या एका देशात. त्याचं नाव शून्यमैल. नाव अर्थातच झिरो माइलवरून उचललेलं. सीताबर्डीजवळचा तो दगडी खांब आणि ते चार घोडे पोरांनी जसेच्या तसे तिकडे नेले. बदल एकच केला: इथल्या खांबापासून गावांची अंतरं मोजायची, तिथल्या खांबापासून वेळ.

त्या खांबावर तांब्याचं एक भांडं आहे. त्याला उलटघटिका म्हणतात. ते पाण्यात पालथं घातलं की गेलेली घटका परत येते.

एवढं ऐकलं की नव्याने खेळायला आलेला प्रत्येक पोरगा एकच विचारतो, "मंग हरायचं कामच काय?" त्यांचे आईबाप तेच जरा सभ्य शब्दांत विचारतात. म्हणून हे एकदा नीट लिहून काढतो. वेळेशी खेळणारं यंत्र गोष्टीत शिरलं की वाचक गोंधळतात, आणि खरं सांगायचं तर लिहिणारा त्यांच्याही आधी गोंधळलेला असतो.

सुरुवात खऱ्या घटिकापात्रापासून करावी लागेल, कारण उलटघटिका त्याच्याच पोटातून आली. बुडाला बारीक भोक असलेली वाटी पाण्याने भरलेल्या घंगाळात सोडायची. भोकातून पाणी वर चढतं, वाटी भरते, बुडते. ती बुडाली की एक घटका भरली, म्हणजे आपली २४ मिनिटं. अशा साठ घटकांचा एक दिवस-रात्र. घटकेचे साठ भाग म्हणजे पळं, एक पळ २४ सेकंदांचं. दोन घटकांचा मुहूर्त, साडेसात घटकांचा प्रहर. आपण "घटकाभर टेका" म्हणतो, "पळभर थांब" म्हणतो, कुणाची "घटका भरली" म्हणतो, तेव्हा त्या वाटीचीच भाषा बोलत असतो. 'तास' हा शब्दसुद्धा मुळात ठोका द्यायच्या धातूच्या थाळीचा. थाळी गेली, ठोका गेला, नाव उरलं.

आम्ही खरी वाटी करून पाहिली. स्टीलची आमटीची वाटी, तिला खिळ्याने भोक पाडलं. भोक मोठं झालं, वाटी दीड मिनिटात तळाला. मग दुसरी वाटी घेऊन फॅब्रिकेशनवाल्याकडे गेलो आणि एक मिलिमीटरच्या बिटाने भोक पाडून आणलं. तो वाटीकडे आणि आमच्याकडे आळीपाळीने बघत होता. ती वाटी बाराएक मिनिटं घेते. बुडताना मजा आहे: बराच वेळ काहीच होत नाही, वाटी नुसती खाली खाली बसत जाते, कड पाण्याला टेकते, पाणी कडेवर क्षणभर फुगून थांबतं, आणि मग एकदम गुडुप. भाची शेवटचा मिनिटभर श्वास रोखून धरते.

इथे एक गंमत आहे. भरलेल्या बाटलीला खाली भोक पाडलं तर धार आधी जोरात येते आणि पाणी उतरेल तशी मंदावते, कारण वरचं पाणी कमी झालं की दाब कमी होतो. तरंगणाऱ्या वाटीचं तसं नाही. भिंती सरळ असतील तर वाटी जेवढी भरते तेवढीच खाली बसते, त्यामुळे बाहेरच्या पाण्याची पातळी आतल्यापेक्षा कायम सारखीच वर राहते. दाब तोच, आत येणारी धार तीच. वाटी स्वतःच स्वतःला सांभाळून घेते. ज्याने कुणी हे पहिल्यांदा हेरलं त्याला माझा नमस्कार.

दुसरी गंमत नागपूरची. गच्चीवरच्या टाकीतलं कढत पाणी घेतलं तेव्हा वाटी माठातल्या पाण्यापेक्षा जवळजवळ अर्धा मिनिट लवकर बुडाली. गरम पाणी पातळ होतं, म्हणजे अक्षरशः कमी चिकट होतं. २० अंशांवरून ४० अंशांवर गेलं की पाण्याचा चिकटपणा सुमारे एक तृतीयांशाने उतरतो, आणि बारीक भोकातून जाताना त्याचा थोडाफार फरक पडतोच. भाच्याने लगेच निकाल दिला: "म्हंजे उन्हाळ्यात नागपूरचा दिवस लवकर सरते!" मी म्हटलं, तुझ्या शाळेच्या सुट्ट्या तरी लवकर सरतात खऱ्या.

आता तीच वाटी पालथी करून पाण्यावर ठेवा. बोटांनी अलगद धरावी लागते, नाहीतर कलंडते. आता भोक वर आहे आणि आत हवा कोंडलेली. हवा पाण्यापेक्षा कितीतरी हलकी, त्यामुळे त्याच भोकातून ती सुं करत निघून जाते आणि बारा मिनिटांची वाटी अर्ध्या मिनिटाच्या आत बुडते. हे पाहिलं आणि आमच्या देशाची दंतकथा आपोआप तयार झाली. शून्यमैलच्या तांबटाने राणीसाठी घटिकापात्र घडवलं, त्याच्या पोराने ते चुकून पालथं घातलं, सुं आवाज झाला, आणि नुकतीच सांडलेली दुधाची चरवी पुन्हा भरलेली होती. पोराने बापाला सांगितलं. बाप म्हणाला, दूध सांडलंच कधी होतं?

या शेवटच्या वाक्यापाशी थोडं थांबायला हवं. उलटघटिकेचं सगळं मर्म तिथे आहे, पण तिथे पोचण्याआधी वेळेशी खेळायचे बाकीचे दोन प्रकार उरकून घेतो.

पहिला, वेळ थांबवणं. गोष्टींत हा प्रकार फार लाडका: सगळं जग गोठलंय आणि नायक त्यातून फिरतोय. खरोखर विचार केला तर तो ठार आंधळा होईल. दिसतं म्हणजे डोळ्यात प्रकाश शिरतो, आणि प्रकाश तर जागच्या जागी उभा. आवाज म्हणजे हवेची थरथर, तीही बंद. पुढे पाऊल टाकायचं तर समोरची हवा बाजूला व्हायला हवी, तिला व्हायला वेळच नाही, म्हणजे चहूबाजूंनी भिंत. आमच्या पोरांनी हा पर्याय पहिल्याच उन्हाळ्यात टाकून दिला. मे महिन्यातली दुपारी दोनची वेळ थांबवून ठेवावी असं नागपुरात कुणाला वाटणार?

दुसरा, वेळ हळू करणं. हा मात्र कल्पनेतला नाही, हे खरोखर होतं. १९०५ मध्ये आइन्स्टाइनने मांडलं की वेगाने जाणारं घड्याळ मागे पडतं, आणि १९१५ च्या सिद्धांतातून निघालं की जिथे गुरुत्वाकर्षण जास्त तिथेही घड्याळ हळू चालतं. १९७१ मध्ये अणुघड्याळं साध्या प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवून आणली आणि जमिनीवरच्या घड्याळांशी ताडून पाहिली, तर फरक पडलेला होता. आज तुमच्या फोनला रस्ता दाखवणारे जीपीएसचे उपग्रह सुमारे २०,२०० किलोमीटरवर फिरतात. त्यांची घड्याळं वेगामुळे दिवसाला ७ मायक्रोसेकंद मागे पडतात आणि वर गुरुत्वाकर्षण कमी असल्यामुळे ४५ मायक्रोसेकंद पुढे जातात. हिशेब करून ३८ पुढे. ही दुरुस्ती केली नाही तर दिवसभरात दहा किलोमीटरच्या आसपास चूक साचेल. तुम्ही धरमपेठेत असाल आणि नकाशा म्हणेल, गावाबाहेर आहात.

आपल्याकडे ही कल्पना फार जुनी. भागवतात ककुद्मी राजाची कथा आहे. मुलीला, रेवतीला, योग्य वर कोण हे विचारायला तो तिला घेऊन ब्रह्मलोकी गेला. तिथे गाणं चालू होतं, म्हणून थोडा वेळ थांबला. गाणं संपल्यावर विचारलं तर ब्रह्मदेव हसले: तू मनात धरलेली स्थळं, त्यांची मुलं, नातवंडं, कुणीही उरलेलं नाही, खाली सत्तावीस चतुर्युगं उलटली. शेवटी रेवती बलरामाला दिली. मुलीच्या बापाने बैठक अर्धी सोडून उठू नये तर काय करावं, असं माझी आई ही गोष्ट सांगताना दर वेळी म्हणते.

पण हळू झालेली वेळसुद्धा पुढेच जाते. ककुद्मी भविष्यात पोचला, त्याला मागे येता आलं नाही. मागे येणं हाच तिसरा प्रकार, आणि उलटघटिकेचं काम तेच.

आता तांबटाच्या वाक्याकडे या. समजा भांडं पालथं घातलं आणि सगळं जग एक घटका मागे गेलं. सगळं म्हणजे सगळं: पाणी, भांडं, भांडं धरणारा हात, आणि त्या हाताच्या मालकाचं डोकंसुद्धा. मग त्याच्या डोक्यात काय असेल? एक घटकेपूर्वी जे होतं तेच. त्याला काही आठवणार नाही. तो तेच करेल, तसंच होईल, तो पुन्हा भांडं पालथं घालेल, पुन्हा मागे जाईल. अनंत वेळा. आणि कुणालाही, कधीही, पत्ता लागणार नाही. भाचीने हे ऐकलं आणि कूलरसमोरून हलायलाच तयार नाही. "मामा, मंग आत्ता बी तसंच होऊन राहिलं असंन तर?" मी म्हटलं, होऊन राहिलं असेल तरी आपल्याला खिचडी गरमच मिळते ना. उत्तर नव्हतं माझ्याकडे, खिचडी होती.

म्हणजे वेळ उलटवणारं यंत्र नुसती वेळ उलटवून भागत नाही. त्याला निदान एक गोष्ट उलटायची सोडून द्यावी लागते. ती गोष्ट म्हणजे आठवण. आमचा नियम असा ठरला: भांड्याला ज्याचा हात लागलेला असेल त्याचीच आठवण शाबूत. बाकी सगळे कोरे.

हा नियम केवढा क्रूर आहे ते दुसऱ्या उन्हाळ्यात कळलं. आमची टोळी एका नदीवरचा दोरीचा पूल ओलांडत होती. शेजारचा पोरगा गाडीवान झालेला, त्याचा फासा वाईट पडला आणि गाडीवान पाण्यात गेला. भाच्याने घंगाळात वाटी पालथी घातली. सुं. घटकाभर मागे, पूल पुन्हा समोर. भाचा म्हणाला, "पुलावरून जाऊ नका." मी बाकीच्यांना विचारलं, तुम्हाला काही आठवत नाही, हा अचानक असं का म्हणतोय? पोरांनी एकमेकांकडे पाहिलं. खेळणाऱ्यांना सगळं माहीत होतं, पण गोष्टीतल्या माणसांना नव्हतं. आणि पोरं इमानदार निघाली. गाडीवानच म्हणाला, "काऊन बे? घाबरला का?" आणि पुन्हा पुलावर चढला. भाचा रडकुंडीला आला. ज्याच्यासाठी वेळ उलटवली तोच ऐकत नव्हता, आणि का ऐकावं हे सांगायला याच्याकडे एकही पुरावा नव्हता. पुरावा पाण्यात होता, अजून न पडलेला.

आठवण एवढी महाग का, याला विज्ञानात उत्तर आहे. माठ फुटल्याचा व्हिडिओ उलटा चालवा, लगेच ओळखू येतो. कॅरमच्या दोन सोंगट्या टक्कर घेऊन बाजूला जातात तेवढाच तुकडा उलटा चालवा, ओळखू येत नाही. बारीक पातळीवर निसर्गाचे बहुतेक नियम दोन्ही दिशांना सारखेच चालतात. पण सोंगट्या दोन असतात आणि माठातले कण अगणित. ते विस्कटण्याच्या तऱ्हा कोट्यवधी, आणि पुन्हा माठ होण्याच्या जवळपास नाहीतच. म्हणून विस्कटणं पुढे जातं, मागे येत नाही. यालाच उष्मागतिकीचा दुसरा नियम म्हणतात, आणि वेळेला दिशा आहे असं आपल्याला वाटतं ते यामुळेच. आठवण हीसुद्धा घडून गेलेल्याची खूण, फुटलेल्या माठासारखी. जग मागे गेलं, सगळे माठ सांधले गेले, आणि एकाच माणसाच्या डोक्यातला माठ फुटलेलाच राहिला. उलटघटिका वापरणारा म्हणजे तो.

शेवटी गाडीवानाने पूल सोडला, लांबचा उतार धरला, वाचला. लगेच दुसऱ्या पोराने पेच टाकला. कुणी पडलंच नाही, तर याने भांडं पालथं घातलं कशाला? आणि घातलं नसेल, तर गाडीवान पुलावरूनच जाईल की! या कोड्याला जगभर आजोबांचं कोडं म्हणतात: मागे जाऊन स्वतःच्या आजोबांचं लग्न मोडलं, तर लग्न मोडणारा जन्मला कुठून? सुटका करून घेण्याच्या वाटा मला तीन माहीत आहेत.

एक, पाटी. जुनं पुसायचं, त्यावर नवं लिहायचं. वापरणाऱ्याच्या डोक्यात पुसलेल्याची आठवण आहे, बस, कारण विचारायचं नाही. खेळायला सोपं, विचार केला तर पोकळ. दोन, सांधा. रेल्वेचा सांधा बदलला की गाडी दुसऱ्या रुळावर जाते, पण पहिला रूळ उखडला जात नाही. एका जगात गाडीवान बुडालाय आणि त्याची बायको वाट बघतेय, दुसऱ्यात तो घरी पोचलाय. भौतिकशास्त्रज्ञ ह्यू एव्हरेट यांनी १९५७ मध्ये क्वांटमच्या कोड्यांसाठी अशी अनेक फाट्यांची मांडणी केली होती, वेळेच्या प्रवासासाठी नाही, पण कथालेखकांनी ती आनंदाने पळवली. तीन, कडं. जे झालं ते झालंच, मागे जाऊन तुम्ही जे कराल ते आधीपासून त्यातच धरलेलं. लग्न मोडायला गेलात तर तुमच्याच धावपळीने ते जुळेल. मला हा प्रकार सर्वांत चोख वाटतो. पोरांना अजिबात आवडला नाही. सुटीत कुणाला दैव हवं असतं?

त्यांनी चौथीच वाट काढली, आणि ती आली आपल्याच म्हणीतून. माझी आई भाजी निवडत ऐकत होती. म्हणाली, "गाडीवानाचा काळ आला होता, पण वेळ आली नव्हती." भाच्याने मान वर केली. म्हणीत काळ वेगळा आणि वेळ वेगळी! शून्यमैलचा कायदा तिथल्या तिथे लिहिला गेला: उलटघटिका वेळ फिरवते, काळ फिरवत नाही. चुकवलेलं मरण नदीकाठी बसून राहतं. ते कुठे, कुणाला गाठेल ते फासा ठरवेल, आणि भांडं जितक्यांदा पालथं घालाल तितके काळ वाटेवर बसलेले असतील. त्या दिवसापासून "मंग हरायचं कामच काय" हा प्रश्न आमच्याकडे कुणी विचारत नाही. गेल्या वर्षभरात भांडं फक्त दोनदा पालथं पडलंय.

जाता जाता एक खरी चोरी सांगतो. नागपूर ७९ अंश रेखांशाच्या जरासं पूर्वेला, आणि भारताची प्रमाणवेळ साडेब्याऐंशी अंशांची. दर अंशाला चार मिनिटं, म्हणजे आपला सूर्य घड्याळापेक्षा सरासरी चौदाएक मिनिटं उशिरा डोक्यावर येतो. पूर्वी गावोगावची वेळ गावच्या सूर्याची असे. १९०६ मध्ये प्रमाणवेळ लागू झाली, तरी कलकत्त्याने आपली वेळ १९४८ पर्यंत आणि मुंबईने १९५५ पर्यंत सोडली नाही. एका सरकारी कागदाने अख्ख्या शहरांची घड्याळं सरकली, ना घंगाळ लागलं ना तांबट. आमच्या खेळात ती चौदा मिनिटं उलटघटिकेच्या तळाशी साठलेली आहेत, असं भाच्याने जाहीर केलंय. ती कशी बाहेर काढायची, ते अजून ठरायचं आहे.

एक राहिलंच. भास्कराचार्यांच्या लीलावतीची दंतकथा तुम्ही ऐकली असेल. लीलावती हा त्यांचा गणिताचा ग्रंथ ११५० चा, पण ही कथा १५८७ मध्ये अकबराच्या दरबारातल्या फैजीने केलेल्या त्याच्या फारसी भाषांतरात येते. लग्नाची घटका मोजायला वाटी पाण्यात सोडली होती, त्यांची मुलगी लीलावती वाकून बघायला गेली, अंगावरचा मोती निसटला, भोकावर बसला, आणि वाटी भरलीच नाही. मुहूर्त टळून गेला. ही कथा मी मागच्या एकादशीला पोरांना सांगितली. आमच्या खेळात वाटी तरंगत असेपर्यंत टोळीला मसलत करायची मुभा असते, ती बुडाली की राक्षस उठतो. त्या दिवशी राक्षस गुहेत झोपलेला, टोळीला काही सुचत नव्हतं, आणि भाची पाणी प्यायला म्हणून स्वयंपाकघरात जाऊन आली.

अर्धा तास झाला तरी वाटी आपली तरंगतेच. मसलत झाली, सापळा लावून झाला, दोर बांधून झाला. कूलरचं पाणी संपून तो कोरडी हवा फेकायला लागला तेव्हा माझ्या लक्षात आलं. वाटी उचलून पाहिली. भोकात भिजवलेल्या साबुदाण्याचा एक दाणा, फुगून गच्च बसलेला.

भाची भिंतीकडे बघत होती.